नवरदेवाला शोधायला गेलेली नवरी

मैत्रिणींनो, आज माझं लग्न झालं. सासरी दिराच्या कॉम्प्युटरवर बसून लिहितेय, कारण कुणाला तरी सांगितल्याशिवाय राहवत नाही.

मागे एकदा माझ्या मांडवात वरात आलीच नव्हती. हे सगळं माहीत असून किन्हवलीच्या महेशने मला होकार दिला होता.

आज आमच्या टोकावड्याला मुहूर्त टळून गेला, तरी वरातीचा पत्ता नाही. महेशचा मोबाईल लागेना. मागून एक मावशी म्हणाली, "हिच्या नशिबातच नाय गो." ते ऐकून आई आत गेली आणि तिनं दार लावून घेतलं.

मी शालू खोचला आणि दादाला म्हटलं, "गाडी काढ!"

मुरबाडच्या रस्त्यावर, भर उन्हात, फेटा काखेत घेऊन एक माणूस धावत येत होता. महेशच! मला बघून तो जागीच थांबला.

"पळून चाललीस?" त्याचा आवाज रडवेला झाला होता.

"तुमाला शोधाय आले! फोन का नाय केला?"

"बस बंद पडली गो, रेंज पण नाय. वाटलं, तू परत तसंच समजशील. म्हणून धावत सुटलो."

मी रस्त्यातच ढसाढसा रडले. मग तिघं एकाच मोटारसायकलवर मांडवात पोचलो. वऱ्हाडी टेम्पोतून आले, तेव्हा मंगलाष्टकं संपत आली होती.

आता इथल्या बायका म्हणतायत, नवरीनं मांडव सोडायचा नसतो. तुम्हीच सांगा, मी पुन्हा नुसती वाट बघत बसायला हवं होतं का?