तिन्ही छान आहेत

मुलीचं लग्न ठरलं तेव्हा मला वाटलेलं, आता काळजी हॉलची, सोन्याची आणि गावाकडून येणाऱ्या साठ माणसांच्या अंथरुणांची. कार्ड माझ्या काळज्यांमध्ये कुठेच नव्हतं. पण तीन आठवडे माझा जीव खाल्ला तो कार्डानेच. आणि तेही छापायचं कार्ड नव्हे, नुसतं फोनवर पाठवायचं.

'सेव्ह द डेट' म्हणजे काय ते मुलीने समजावून सांगितलं. पत्रिका नंतर येते. त्याआधी फक्त तारीख कळवायची, म्हणजे लोक त्या दिवशी दुसरं काही ठरवत नाहीत. आमचे हे वागळे इस्टेटमधून कामावरून आलेले. बूट काढता काढता म्हणाले, "तारखेसाठी एवढं? आपल्या लग्नाची तारीख मलाच चार दिवस आधी कळलेली. तरी आलो ना मी?"

विहीणबाईंनी डोंबिवलीहून तीन नमुने पाठवले. खाली लिहिलेलं, "ताई, तुम्हाला आवडेल ते फायनल." आम्ही दोघी एकमेकींना ताई म्हणतो. मोठी कोण, हे अजून दोघींनीही विचारलेलं नाही.

पहिल्या नमुन्यात केळीची पानं आणि कोपऱ्यात गणपती. दुसऱ्यात चित्रातले नवरा-नवरी, मुंडावळ्या बांधलेले, पण दोघांच्याही चेहऱ्यावर डोळे, नाक, तोंड काहीच नाही, नुसता गुळगुळीत गोळा. तिसऱ्यात दोन मोर आणि सोनेरी अक्षरं.

मी पहिल्याला अंगठा दिला. मग वाटलं, बाकीची दोन त्यांनी एवढी हौसेने पाठवलीत, म्हणून त्यांनाही एकेक अंगठा दिला आणि खाली लिहिलं, "तिन्ही छान आहेत."

उत्तर आलं, "ताई, एकच निवडायचंय."

मी लिहिलं, "तुम्ही म्हणाल तसं."

"नाही नाही, हा मुलीकडचा मान."

"मुलाकडचा मान पहिला."

हे असं सुरू झालं आणि थांबेना. दर दोन दिवसांनी त्या विचारायच्या, मी हात जोडायचे. फोनमध्ये माझे जोडलेले हात मोजले असते तर एखादं भजनी मंडळ भरलं असतं.

मला आवड नाही असं नाही. माझी शाळा सातवीत सुटली, सांगोल्याकडच्या गावातून लग्न करून ठाकुर्लीला आले, आणि गेली बावीस वर्षं घरी साड्यांना फॉल-पिको करते. कुठल्या साडीला कुठला फॉल, ते मी गिऱ्हाइकाला तोंडावर सांगते. "हा रंग लावू नका, एका धुण्यात रडाल." पण ते गिऱ्हाईक. ही विहीण.

आणि ह्या माणसांनी काही म्हणजे काही मागितलं नव्हतं. बैठकीत माझ्या भावाने घसा खाकरून विचारलं, "मानपानाचं कसं?" तर व्याही म्हणाले, "मुलगी आनंदाने आली की झालं." शिकलेली माणसं, स्वतःचं घर, एकुलता मुलगा, आणि बोलणं हे असं. त्या दिवसापासून मी कुठल्या तोंडाने त्यांना काही सांगणार? शिवाय आमच्या गावात एका टोपीवरून मोडलेलं लग्न मी डोळ्यांनी पाहिलंय. नवऱ्याच्या चुलत्याला आहेरात टोपी द्यायची राहिली, एवढंच. टोपीवरून मोडतं, तर मोरावरून मोडायला किती वेळ?

मध्येच भावाचा गावाहून फोन आला. "तारीख सगळ्यांना सांगितली. दोन गाड्या ठरवल्यात." म्हणजे ज्यासाठी कार्ड, ते काम कार्ड निवडायच्या आधीच उरकलेलं. मी हे मुलीला हसत हसत सांगितलं. ती हसली नाही.

"आई, तू एक नंबर सांगून टाक ना."

"अगं, त्यांना दुसरा आवडला असला तर?"

"तर त्या सांगतील. तुला काय आवडलं ते तू सांग."

"आपली मुलीची बाजू आहे."

तिने माझ्या हातातली साडी काढून बाजूला ठेवली. "हेच. तू आज एका कार्डावर 'तुम्ही म्हणाल तसं' म्हणतेस. उद्या मी त्या घरात जाणार. त्यांना वाटेल, ह्यांच्याकडे असंच बोलतात. मग मला भाजीपासून नोकरीपर्यंत तेच म्हणायला लागेल, तुम्ही म्हणाल तसं. चालेल तुला?"

मी साडी परत घेतली आणि फॉल उलटा लावला. तो नंतर उसवायला लागला.

त्या रविवारी विहीणबाईंनी आम्हाला डोंबिवलीला बोलावलं. "समोरासमोर बसून ठरवू," म्हणाल्या. हे सोबत आले नाहीत. "मला मोर आणि केळी यातलं काही कळत नाही," म्हणाले आणि खरोखरच सुटले. मी आणि मुलगी गेलेलो. त्यांचा मुलगा एका मित्राकडे गेलेला, व्याही पेपर घेऊन गॅलरीत. चहा आला. विहीणबाईंनी फोन टीपॉयवर ठेवला, तिन्ही कार्डं एकाखाली एक.

"बोला ताई."

"तुम्हीच बोला ताई."

"अहो, मी तीन आठवडे बोलतेय."

मी मुलीकडे बघितलं. ती माझ्याकडे बघतच नव्हती, भिंतीवरच्या घड्याळाकडे बघत होती. आणि माझ्या तोंडून कसं काय निघालं देव जाणे, पण निघालं ते असं: "दुसरं नको."

"का हो?"

"ह्यांना चेहराच नाही."

"ती फॅशन आहे ताई सध्याची."

"असेल. पण आमच्या गावाला हे गेलं तर लोक फोन करतील, म्हणतील चित्र अर्धंच आलंय, उरलेलं पाठवा."

विहीणबाईंचा चेहरा जरासा उतरला. "मला तेच आवडलेलं," त्या म्हणाल्या. "किती साधं, सुबक आहे."

झालं. माझ्या डोळ्यांपुढून टोपी गेली. पण आता मागे जायलाही वाट नव्हती, म्हणून मी पुढे गेले. मला आवडलेलं पहिलं मात्र तोंडातून निघेना. "मग तिसरं घ्या. मोर शुभ असतात."

"मोर? ते साडीवर बरे दिसतात. कार्डावर हॉटेलच्या मेनूसारखं वाटतं."

"मेनूवर मोर कुठे असतात हो?"

"असतात! स्टेशनजवळच्या त्या थाळीवाल्याकडे आहेत."

आम्ही मोरांवर दहा मिनिटं भांडलो. व्याही गॅलरीतून एकदा आत डोकावले आणि परत पेपरात गेले. शेवटी विहीणबाई मुलीकडे वळल्या. "तू सांग गं. तुला कुठलं?"

मी तिला डोळ्यांनी खुणावलं, म्हण, काकू म्हणतील ते. तीन आठवड्यांची शिकवण होती माझी. तिने माझी खूण बघितली, नीट बघितली, आणि म्हणाली, "काकू, मला तिन्ही नाही आवडली."

विहीणबाईंनी हातातला कप टीपॉयवर ठेवला.

"अगं मग आधी नाही का सांगायचं? त्या डिझाइनवाल्याकडून मी चार-चारदा बदलून घेतली ती."

"मला कोणी विचारलंच नाही, काकू."

विहीणबाई तिच्याकडे बघत राहिल्या. मग माझ्याकडे. मग फोनकडे.

"खरंच की," त्या म्हणाल्या. "आम्ही दोघी एकमेकींनाच विचारत बसलो." आणि सोफ्यावर थोडं सरकून त्यांनी बाजूची जागा थोपटली. "ये इकडे बस. तुझ्या मनात काय आहे ते दाखव. आणि मला नाही आवडलं तर मी पण सांगणार हां."

"सांगा ना," मुलगी म्हणाली आणि जाऊन बसली. दोघींची डोकी फोनवर वाकली. "एवढी फुलं नकोत." "मग निदान रंग तरी ठेव." "हा रंग काकू? हा तर आजारी वाटतो." ती त्यांना स्पष्ट नाही म्हणत होती आणि त्या पुढचं चित्र काढत होत्या.

मला कुणी काही विचारत नव्हतं. तीन आठवड्यांत पहिल्यांदा मी पाठ टेकून बसले. चहाचा कप उचलला तर वर साय धरलेली.

विहीणबाईंचं लक्ष गेलं. "ताई, गार झाला असेल. गरम करून आणू?"

एरवी मी म्हटलं असतं, नको नको, असाच बरा आहे, मला गारच आवडतो.

"आणा," मी म्हटलं. "आणि आलं असेल तर थोडं टाका."