पखवाजाची कणीक

सुरतेत माझ्या खोलीखाली तबल्याचा वर्ग चालतो. काल मास्तर सांगत होते, "कातड्यानं तोंड मढवलेलं ते अवनद्ध वाद्य." मी सातवीत शाळा सोडलेला, शब्द पहिल्यांदाच ऐकला. पण तेवढ्यानं ओल्या कातड्याचा वास नाकात भरला. खालची थाप ऐकली की अजून जमीन हलल्यासारखी वाटते.

भूकंपात आमचं लातूरकडचं गाव पडलं, बाबा गेले. आमच्यात भजन म्हणत माती देतात. बाबांचा पखवाज ढिगाऱ्यातून शाबूत निघाला. तो मढवून देणारे उदगीरचे रशीदचाचा धावत आले होते. डावं तोंड थापून म्हणाले, "भाभी, कणीक लावल्याबिगर ह्यो बोलत न्हाई."

मदतीच्या पिठाची मूठभर कणीक आईनं आम्हा भावंडांसाठी मळली होती. धाकटी भुकेनं रडत होती. आईनं तोच गोळा पुढं केला. "लावा भाई. त्यांना मुक्यानं न्हाई जाऊ द्यायचं."

चाचांनी वाजवला. खड्ड्यात माती पडेपर्यंत पखवाज घुमत होता.

वाजवून झाल्यावर ती कणीक एरवी गाईला घालतात. चाचांनी नखानं कण न् कण खरवडून आईच्या ओंजळीत दिला. तिनं ती तव्यावर भाजली, आम्ही खाल्ली. ती दोघं आमच्याकडं पाठ करून बसली होती. तेव्हा वाटलं, त्यांना भूक नसेल.