मॅन्युअलमधून तिचं नाव काढताना

परवा मुलुंडच्या ऑफिसात पोहोचलो, डबा ठेवतोय तोवर तिचा मेसेज... कित्येक महिन्यांनी.

"आपल्या प्रोग्रामच्या मॅन्युअलमधून माझं नाव काढ ना. लोक मला मेल करून शंका विचारतात."

फोटोंना तारखेप्रमाणे नावं देणारा हा प्रोग्राम आम्ही दोघांनी कॉलेजात पायथनमध्ये लिहिला होता. बटणं वगैरे काही नाही, काळ्या स्क्रीनवर कमांड टाइप करायची. पुढे मी सरांशी भांडून कॉलेज सोडलं, तिने मला सोडलं... प्रोग्राम तेवढा नेटवर राहिला.

माझं डोकंच फिरलं. इतक्या दिवसांनी मेसेज, तोपण यासाठी? मॅन्युअलचं पान उघडलं, तिचं नाव उडवलं आणि पाठवून दिलं, "काढलं. खूश?"

काल प्रोग्राममधली एक बारीक चूक सुधारून तो पुन्हा नेटवर चढवला. संध्याकाळी तिचा मेसेज... "अजून आहे रे. मुद्दाम करतोयस ना?"

लागलं यार. पान बघितलं, तर खरंच नाव जसंच्या तसं!

शेजारी बसणारा आमचा सिनियर परब हसायला लागला. "येड्या, पान हाताने कशाला बदललंस? प्रोग्राम चढवला की ते कोडवरून आपोआप नव्याने बनतं ना! तू कितीही पूस, दर वेळी परत येणार. मुळात, कोडमध्ये जाऊन काढ."

विसरलोच होतो. ही सोय तिनेच केली होती, मला मॅन्युअल लिहायचा कंटाळा म्हणून. कोडमध्ये प्रत्येक ऑप्शनसमोर एक ओळ लिहायची, त्या ओळी गोळा होऊन मॅन्युअल आपलं आपण तयार होतं.

मुळात गेलो... नाव काढलं.

खाली एका ऑप्शनसमोर तिने लिहिलेली ओळ दिसली. 'बदल करण्याआधी एकदा विचारतो. डोकं गरम असेल तर नक्की वापरा.'

तेव्हा केवढे हसलो होतो दोघं...

पान नव्याने बनवलं. तिला लिहिलं, "आता खरंच काढलं. सॉरी." उत्तरात नुसता अंगठा आला.

ओळ काढ असं काही ती म्हणाली नव्हती. ती राहू दिली. पान पुन्हा पुन्हा बनेल, ओळ दर वेळी येईल... कोणी लिहिली, ते कुठेच नसेल.

म्हणून इथेही तिचं नाव लिहिलेलं नाही.