समसमान वाटणी

वकिलानं घाईत एखादा मुद्दा गाळला की आमचे जज्जसाहेब चष्मा कपाळावर चढवायचे आणि म्हणायचे, "थांबा. एक पायरी राहिली."

आधी कॉलेजात गणित शिकवायचे, मग वकिली, मग जज्ज. असे मास्तर तुम्हीही पाहिले असतील. खुर्ची बदलते, खडू काही सुटत नाही. मी त्यांची स्टेनो. कोर्टात तमिळ आणि इंग्रजी, चेंबरचं दार लोटलं की आमची तंजावरची मराठी. निकाल सांगताना कागदाच्या कडेला त्रिकोण काढत बसायचे. हेही टाइप करू का, असं एकदा विचारलं, तर पोटभर हसले.

ओरत्तनाडूकडच्या दोन भावांचा दावा आला. बापाचं एकच शेत, तेही वाकडंतिकडं. साहेबांनी दोन रविवार नकाशावर फूटपट्टी आणि कंपास चालवून अगदी समसमान वाटणी केली. दोघेही भाऊ खूश. टाइप करताना मी मात्र थबकले. माझं आजोळ त्याच बाजूचं. तिथं पाटाचं पाणी वरच्या शेतातून खालच्यात उतरतं. वरच्यानं बांध घातला की खालचा संपला. पण जज्जाला शेती शिकवणारी मी कोण? तसंच टाइप केलं.

रिटायर झाल्यावर साहेब मोठ्या हौसेनं, बसनं, आपली वाटणी बघायला गेले. वरच्या तुकड्यात थोरल्यानं बांध घातलेला, त्याचं भात हिरवंगार; खालची धाकट्याची जमीन भेगाळलेली. परतले ते तडक माझ्या घरी.

"तुझं आजोळ तिकडचंच. पाण्याचं तुला ठाऊक होतं गं?"

"होतं."

"मग बोलली का नाहीस?"

"तुम्ही जज्ज, मी टायपिस्ट."

ते रागावले असते तर बरं झालं असतं. समोरची फिल्टर-कापी तशीच ठेवून उठले. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

मग दर गुरुवारी ते थोरल्याच्या ओट्यावर जाऊन बसू लागले. आता हुकूम चालणार नव्हता, विनवणीच करायची. थोरला म्हणायचा, साहेब, निकाल तुमचाच ना? हे म्हणायचे, "निकाल माझा, चूकही माझीच. पाणी सोड." दोन महिने त्यानं दाद दिली नाही. शेवटी कंटाळला म्हणा की लाजला म्हणा, स्वतःच फावडं घेऊन बांध फोडला.

यंदा पोंगलनंतर साहेब गेले. दोघे भाऊ अंत्यदर्शनाला आले होते. धाकटा रडत मला म्हणाला, "साहेब नेहमी सांगायचे, त्या कोर्टात शेतीतलं कळणारं एकही माणूस नव्हतं, म्हणून चूक झाली."

माझ्या चुकीवर त्यांनी एवढं पांघरूण घातलं होतं, आणि मला पत्ताही नव्हता.

"होतं," मी म्हटलं. "मी होते."