बिनसाखरेचा चहा

शेजारच्या सुमनताईंनी माझ्या घोट्यावरची पट्टी पाहिली आणि आत सुनेला सांगितलं, “यांचा चहा बिनसाखरेचा कर गं.”

पायाला जखम म्हणजे मधुमेह, हे आपल्याकडे ठरलेलंच. मला मधुमेह नाही. माझ्या कातडीखालच्या बारीक रक्तवाहिन्या गुठळ्यांनी बंद होतात, वर जखम फुटते आणि मग पांघरुणाचा स्पर्शही सोसवत नाही. जखम भरली की चुन्याचं बोट पुसल्यासारखा पांढरा डाग उरतो. पूर्वी मी हे सगळं समजावून सांगत असे. समोरचा चेहरा हळूहळू कोरा व्हायचा आणि शेवटी प्रश्न यायचा, “पण शुगर तपासलीत ना?”

मधुमेहवाल्यांचा केवढा गोतावळा असतो. कारल्याचा रस, भिजवलेल्या मेथ्या, जो तो काहीतरी सुचवतो. माझ्या दुखण्यावर चुकीचा सल्लासुद्धा कोणाकडे नाही.

म्हणून हल्ली तो चहा मी मुकाट्याने पिते. आजार भलताच धरला असला, तरी काळजी माझीच केलेली असते.

घरी येऊन दोन चमचे साखर घालून चहा केला. पहिल्याच घोटाला वाटलं, “साखर नको” म्हणत कोणीतरी हातातून कप काढून घ्यायला हवा होता.