हा कागद कुठल्या मातीचा?

बाळांनो, आजीच्या मागच्या अंगणात काचेची खोली बांधायचा नकाशा तुमच्या बाबांनी तिकडून पाठवला. तुम्ही दिवाळीला आलात की तिथे बसायचं, असं ठरलं होतं. पाया दोन फूट खोल, असं त्यात स्पष्ट लिहिलं होतं. मी तो फाइलला लावला आणि निमगाव केतकीहून एक गवंडी बोलावला.

नकाशा न बघताच त्याने चपला काढल्या. उन्हाने भेगाळलेल्या जागी तो उकिडवा बसला आणि गाभण गाय तपासावी तसा एका भेगेत सावकाश कोपरापर्यंत हात घातला.

"तळ लागंना, आक्का."

मी फाइल पुढे केली. हात पुसून त्याने नकाशा बराच वेळ पाहिला आणि विचारलं, "ह्यो कागद कुठल्या मातीचा हाय?"

तुमच्या गावची माती मी कधी हातात घेतलेली नाही.

"आपली काळी पावसात फुगती, उन्हाळ्यात फाटती. खालचा कडक मुरूम लागंपर्यंत खणावं लागंल. न्हायतर काचा तडकत्याल."

"मुरूम किती खाली आहे?"

"खणल्याबिगर कसं कळंल?"

"मग दिवाळीपर्यंत खोली होईल का?"

"पाया व्हईल."

बाबांचं ऐकावं तर काचा जाणार, ह्याचं ऐकावं तर दिवाळी. मी दोनदा फाइल उघडली, दोनदा मिटली आणि शेवटी म्हटलं, "खणा."

आज पाच फूट झाले, अजून काळीच लागते आहे. मी बरोबर केलं की चूक, कळत नाही. बाबांना अजून कळवलेलं नाही. तुम्ही मात्र या. बसायला सध्या खड्ड्याचा काठ आहे.