जनरलसाहेबांचे सेवेशी

लष्करी हुकूमशाहीविरुद्धच्या लढ्याचा इतिहास जेव्हा केव्हा नीट लिहिला जाईल, तेव्हा त्यात धुळ्यातल्या एका सरकारी कचेरीबाहेरच्या निंबाच्या झाडाला जागा द्यावी लागेल. त्या झाडाखाली बसून एका माणसाने एका जनरलला दोन वर्षं सतत जाब विचारला. यात थोडी दुरुस्ती करायला हवी. तो जाब नव्हता, विनंती अर्ज होता. आणि झाड आता रस्ता रुंदीकरणात गेलं आहे.

त्या माणसाला सगळे अर्जवाले आबा म्हणायचे. कचेरीचं नाव सांगत नाही, तिथले लोक अजून नोकरीत आहेत. फाटकाच्या डाव्या हाताला आबांचं लोखंडी टेबल असे, दोन खुर्च्या असत, आणि फांदीला सुतळीने बांधलेली काळी छत्री असे. पावसात ती छत्री कागदांवर धरलेली असायची, आबा भिजायचे. अर्ज लिहून देणाऱ्यांना फाटकाबाहेर पत्र्याची एक शेड बांधू द्यावी, असा त्यांचा स्वतःचा एक अर्ज नऊ वर्षं आत पडून होता. त्याबद्दल कोणी विचारलं तर ते शांतपणे सांगत, "विचाराधीन आहे. फेटाळलेला नाही."

माझी त्यांची ओळख सातबाऱ्यावरच्या एका चुकीमुळे झाली. धुळ्याजवळच्या आमच्या शेताच्या उताऱ्यावर वडिलांचं नाव चुकलं होतं. मी कॉलेजात इंग्रजी शिकवतो, तेव्हा अर्ज आपणच लिहावा असं मला वाटलं. दीड पान लिहिलं. त्यात न्याय होता, नागरिकाचे हक्क होते, शेवटी एक उपरोधही होता. आतल्या कारकुनाने तो न वाचता परत दिला आणि बोटाने झाड दाखवलं. आबांनी मात्र तो पूर्ण वाचला.

"सर, निबंध छान आहे," ते म्हणाले. "आता अर्ज लिहू."

त्यांचा अर्ज सात ओळींचा झाला. कागदाचा डावीकडचा एक तृतीयांश भाग त्यांनी कोराच सोडला. मला वाटलं कागद वाया गेला. आबा म्हणाले, तेवढी जागा साहेबाची असते. शेरा मारायला जागा दिसली की हाताला शेरा सुचतो, जागाच नसली तर साहेब कागद नुसता बाजूला ठेवतो. दुसरी प्रत त्यांनी माझ्या हातात दिली आणि तिच्यावर शिक्का, तारीख आणि आवक क्रमांक घेतल्याशिवाय बाहेर यायचं नाही, अशी ताकीद दिली. मी बाहेर आलो तेव्हा माझं काम झालं का, हे त्यांनी विचारलंच नाही. विचारलं ते एवढंच, "पोच शे का?"

पोच आहे का, हा प्रश्न ते सगळ्यांना असाच घरच्या बोलीत विचारत. जमीन गेलेल्याला विचारत, पेन्शन अडलेल्या म्हातारीला विचारत. अर्ज मंजूर होणं साहेबाच्या हातात, पण पोच घेणं आपल्या हातात, असं त्यांचं म्हणणं. पोच दिली म्हणजे साहेबाला हे प्रकरण माहीत नव्हतं असं म्हणायची सोय उरत नाही. मला हे तत्त्वज्ञान जरा केविलवाणं वाटायचं. एकदा तसं बोललो, तेव्हा त्यांनी वडिलांची गोष्ट सांगितली.

वडील भडगावला शाळामास्तर. आणीबाणीत एका सभेत काहीतरी बोलले आणि दुसऱ्या दिवशी भरदुपारी त्यांना उचललं. कुठे नेलं ते कोणी सांगेना. आबा तेव्हा अठरा वर्षांचे. आईने दिलेली घोंगडी काखेत मारून ते जळगाव, धुळे करत कचेऱ्या हिंडले. सगळीकडे एकच उत्तर, असा माणूस आमच्याकडे नाही. लेखी अर्जही कोणी घेईना. शेवटी धुळ्यात एका म्हाताऱ्या कारकुनाने मान वर न करता अर्ज घेतला, शिक्का मारला, नंबर टाकला. मग आबा रोज जाऊन त्या नंबरचं काय झालं ते विचारू लागले. नंबर होता म्हणून फाइल उघडावी लागली. फाइल उघडली म्हणून तिच्यात माणूस कुठे आहे ते लिहावं लागलं. तिसऱ्या आठवड्यात तुरुंग कळला आणि घोंगडी पोचली.

"बाप सुटला तो सरकार बदललं म्हणून," आबा म्हणाले. "पण जिवंत सुटला तो त्या नंबरामुळे. जाड फाइलचा माणूस मारायला जड जातो, सर."

हे शास्त्रीयदृष्ट्या सिद्ध करता येणार नाही. मी तसं म्हणालो नाही, एवढीच माझी त्या दिवसाची कमाई.

पुढे काही वर्षांनी पूर्वेकडच्या एका देशात लष्कराने सत्ता घेतली. देशाचं नाव मी लिहीत नाही, कारण आबा म्हणायचे, नाव लिहिलं की वाचणाऱ्याला वाटतं हे तिकडचंच आहे. गिऱ्हाईक नसताना ते पेपर पहिल्या ओळीपासून छापखान्याच्या पत्त्यापर्यंत वाचत. त्यात आतल्या पानावर त्यांना दोन बोटं उंचीची बातमी सापडली. तिथल्या एका कोर्टाबाहेर बसून लोकांचे अर्ज लिहून देणाऱ्या एका म्हाताऱ्याला सैनिकांनी पकडून नेलं होतं. ज्यांची मुलं बेपत्ता झाली होती त्या आयांना, आमचा मुलगा कुठे आहे, असा अर्ज तो लिहून देत होता. हाच गुन्हा.

मी संध्याकाळी तिथून जात होतो. आबांनी कात्रण माझ्यापुढे धरलं. एरवी माझ्याशी ते शहरी मराठी बोलत, त्या दिवशी भाषा घरी गेली.

"आपला धंदाना माणूस शे, सर."

दुसऱ्या दिवशी अर्ज तयार होता. 'मा. जनरलसाहेब यांचे सेवेशी. विषय: अर्जलेखक यास मुक्त करणेबाबत, तसेच तो सध्या कोठे आहे हे लेखी कळविणेबाबत. महोदय, उपरोक्त विषयास अनुसरून विनंती की...' मला त्याचं इंग्रजी करायचं होतं. मी म्हणालो, आबा, रणगाडे घेऊन आलेल्या माणसाला 'सेवेशी' कशाला? त्यांनी माझ्याकडे, सातबाऱ्यावर निबंध लिहिणाऱ्याकडे बघावं तसं बघितलं.

"बठ्ठा साहेब सारखाच शेतस," ते म्हणाले, म्हणजे सगळे साहेब सारखेच. "हा जरा मोठा."

मी अनुवाद केला. संगणकावर टाइप केलेलं पान त्यांनी परत पाठवलं, कारण डावीकडे समास पुरेसा नव्हता. एका देशाच्या सर्वसत्ताधीशाला शेरा मारण्यासाठी एक तृतीयांश जागा सोडून ते पत्र रजिस्टर्ड पोस्टाने, पोचपावतीसह रवाना झालं. त्यानंतर दर महिन्याला एक. प्रत्येकात 'संदर्भ: आमचे यापूर्वीचे पत्र' ही ओळ लांबत गेली आणि सहाव्या पत्रापासून संदर्भ मजकुरापेक्षा मोठा झाला.

चूक एकच झाली, तीही हाताच्या सवयीने. आयुष्यभर प्रत्येक अर्जाखाली त्यांनी 'प्रत माहितीसाठी सविनय सादर' असं लिहून एक प्रत समोरच्या कचेरीत दिली होती. याही अर्जाची दिली. कचेरीने तिला आवक क्रमांक दिला. मग जनरल कोणत्या टेबलाकडे येतात हे ठरेना, म्हणून कागद 'पुढील योग्य त्या कार्यवाहीसाठी' पोलिसांकडे गेला, आणि एका दुपारी एक तरुण हवालदार झाडाखाली येऊन बसला. मी नेमका तिथे होतो. अनुवादकाचं नाव कागदावर कुठेच नव्हतं, हे मी मनातल्या मनात दोनदा तपासून पाहिलं.

"आबा, तुमचा आणि ह्या जनरलचा संबंध काय?"

"मी अर्जदार, ते सक्षम अधिकारी."

हवालदाराने लिहून घेतलं. बाहेरच्या देशातून काही येतं का, कोणी भेटायला येतं का, असं विचारून झालं. मग अहवालाशी येऊन तो अडला. दोनदा लिहून खोडलं. आबा थोडा वेळ बघत राहिले आणि हात पुढे करून म्हणाले, "आण भाऊ इकडे."

अशा रीतीने आबांविषयीचा गोपनीय अहवाल आबांनीच लिहिला. 'सदर इसमाचे वर्तन समाधानकारक असून त्याचे परकीय लष्कराशी असलेले संबंध केवळ पत्रव्यवहाराचे आहेत.' हवालदाराने तो वाचून, भाषा फार छान आहे आबा, असं म्हणत सही केली. डावीकडे त्याच्या साहेबासाठी जागा सोडलेली होती. जाताना आबांनी त्याच्याकडूनही पोच घेतली.

जनरलकडून उत्तर कधीच आलं नाही. पण पाचव्या महिन्यात पहिलं पोचपावतीचं कार्ड परत आलं. तिकडचा अस्पष्ट शिक्का आणि खाली निळ्या शाईतली गोलसर सही. नंतर आणखी दोन आली, सही तीच. आबा ती तिन्ही कार्डं टेबलाच्या काचेखाली ठेवत आणि गिऱ्हाइकांना दाखवत. सही करणारा जनरल नाही, हे त्यांना पक्कं ठाऊक होतं. "हा तिकडचा आवकवाला. सही बघा, घाई नाही. पोच द्यायची नाही असा वरून हुकूम असंल, तरी देतो." त्या अनोळखी कारकुनाबद्दल ते घरच्यासारखं बोलू लागले. ऊन वाढलं की म्हणत, तिकडे पंखा असेल का.

चौथ्या कार्डावर सही वेगळी होती. तुटक, तिरपी. आबांनी त्या दिवशी एकही अर्ज लिहिला नाही. आलेल्या माणसांना उद्या या म्हणाले. मी समजूत घातली की बदली झाली असेल, रजेवर असेल, निवृत्त झाला असेल. सरकारी माणसाला होणारी सगळी चांगली कारणं मी सांगितली. आबा ऐकत होते.

"बदलीच असो," एवढंच म्हणाले.

दुसऱ्या वर्षाच्या शेवटी तिकडे कसलासा सण आला आणि लष्कराने काही कैदी सोडले. मी मोबाइलवर बातमी शोधली. तुरुंगाच्या फाटकाबाहेर गर्दीत एक वाळलेला म्हातारा उभा होता, हातात कापडी पिशवी. खाली त्याचं नाव. मी जवळजवळ धावतच झाडाखाली गेलो. आबांनी चष्मा पुसून फोटो पाहिला, बराच वेळ पाहिला, आणि विचारलं, "लेखी शे का?"

मी म्हणालो, आबा, फोटो आहे, आणखी काय हवं? तेव्हा कुठे ते हसले. खुर्चीत मागे टेकून बसलेलं मी त्यांना पहिल्यांदाच पाहिलं. मग त्यांनी कागद ओढला आणि लिहायला सुरुवात केली. 'विषय: आमच्या अर्जावर कार्यवाही केल्याबद्दल आभार.'

इथे आमचं भांडण झालं. मी म्हणालो, ज्याने निरपराध माणूस दोन वर्षं कोंडला त्याचे आभार मी इंग्रजीत मानणार नाही. तुमच्या अर्जाने तो सुटला असं तुम्हाला खरंच वाटतं का, असंही बोललो. ते बोलायला नको होतं. आबा चिडले नाहीत.

"सर, आत अजून माणसं आहेत," ते म्हणाले. "आभार मानले तर पुढचा अर्ज घेतील. तुमची चीड खरी आहे, पण तिला आवक क्रमांक कोण देणार?"

मी तरी अनुवाद केला नाही. तत्त्वाचा प्रश्न होता, आणि तत्त्व माझं असल्यामुळे मला त्याचा काहीच त्रास झाला नाही. आभाराचं पत्र मराठीतच गेलं. पोस्टात टाकून परत येताना आबांनी मला चहा पाजला, इतकं ते भांडण त्यांना साधं होतं. मला तो चहा अजून आठवतो.

महिन्याभरात आबा गेले. सकाळी टेबल पुसताना छातीत दुखलं, रिक्षाने नेईपर्यंत संपलं. खांदा द्यायला अर्धी कचेरी आली होती. तो हवालदारही होता. त्याच्या मते गावातला सगळ्यात चांगला अहवाल लिहिणारा माणूस गेला होता.

दिवसकार्य झाल्यावर काही आठवड्यांनी त्यांच्या मुलाने मला घरी बोलावलं. आबांच्या नावे दोन टपालं आली होती आणि त्याला त्यातलं काही कळेना. पहिलं पोचपावतीचं कार्ड होतं, मराठीतल्या आभाराच्या पत्राचं. मी ते उजेडात धरून पाहिलं. सही निळ्या शाईतली होती, गोलसर, घाई नसलेली. रजेवरच गेला असावा. मी ते कार्ड मागून घेतलं. आता माझ्या टेबलाच्या काचेखाली आहे. त्या देशात एका शिक्षिकेला धरलं आहे असं वाचलं, तेव्हा मी पत्र लिहिलं, सात ओळींचं. 'सेवेशी' लिहिताना हात अडला, पण लिहिलं. डावीकडे जागा सोडली.

दुसरं टपाल समोरच्याच कचेरीचं होतं. पत्र्याच्या शेडबाबतच्या अर्जावर सुनावणी ठेवली असून अर्जदाराने सात दिवसांत समक्ष हजर राहावे, अन्यथा आपले काही म्हणणे नाही असे समजून अर्ज निकाली काढण्यात येईल, असं त्यात होतं.

अर्जदार हजर राहिले नाहीत. अर्ज निकाली निघाला.